निळू फुले यांच्याविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

एकांकिका बसवणाऱ्या मुलामुलींबरोबर गेली काही वर्षं मी काम करतो. अभिनयाचा विषय निघाला की निळूभाऊंचं नाव येतं आणि ठरलेले प्रश्नही येतात. पहिला प्रश्न बहुधा 'बाई, वाड्यावर या' या वाक्याचाच असतो. तोंडी दिलेली उत्तरं एकदा नीट मांडावीत, म्हणून हे लिहिलं. त्यांच्याविषयी मला वाटणारा आदर यात लपवलेला नाही.

निळू फुले नेमके कोण? दोन ओळींत सांगा.

नीळकंठ कृष्णाजी फुले. जन्म पुण्यात, १९३० साली. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकातून वगनाट्यात, तिथून चित्रपटात आणि व्यावसायिक नाटकात आले. जवळजवळ चाळीस वर्षं मराठी पडद्यावर काम केलं, थोडं हिंदीतही. १३ जुलै २००९ रोजी पुण्यात त्यांचं निधन झालं.

ते खलनायक होते की चरित्र अभिनेते?

पोस्टरवर कुठल्या जागी चेहरा छापायचा यासाठी हे शब्द ठीक आहेत. नायकाला त्याचं वय आणि त्याचा चेहरा काम मिळवून देतो. चरित्र अभिनेत्याला भूमिका काम देते. आज तो बाप, उद्या तलाठी, परवा फौजदार. गोष्टीतलं गाव खरं वाटायचं असेल तर ही माणसं खरी वाटावी लागतात, आणि त्यासाठी सहसा दोन-चार प्रसंगच हाताशी असतात.

निळूभाऊंनी या चौकटीत शेकडो दिवस काढले. मराठी ग्रामीण चित्रपटात त्यांना पाटील, सरपंच, सावकार अशीच कामं पुन्हा पुन्हा मिळत गेली. पण 'सामना'मध्ये त्यांचा हिंदुराव हा चित्रपटाचा एक खांबच आहे, आणि 'सिंहासन'मधला पत्रकार तर खलनायकाच्या जवळपासही जात नाही. मी त्यांना चरित्र अभिनेताच म्हणतो. खलनायक ही त्यांना मिळालेली कामं होती. ती ज्या पद्धतीनं त्यांनी केली, ती चरित्र अभिनेत्याची पद्धत होती. माणूस आधी उभा करायचा, मग त्याच्या हातून जे वाईट व्हायचं ते होऊ द्यायचं.

अभिनयाचं शिक्षण त्यांनी कुठे घेतलं?

कुठल्याही नाट्यशाळेत नाही. सतराव्या-अठराव्या वर्षी ते पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात माळी म्हणून नोकरीला लागले. झाडांची त्यांना मनापासून आवड होती. स्वतःची रोपवाटिका काढायचं मनात होतं, पैशाअभावी ते राहिलं.

शिक्षण झालं ते सेवा दलात. १९४१ साली सुरू झालेल्या या संघटनेचं कलापथक गावोगाव फिरायचं. वसंत बापट, लीलाधर हेगडे अशी माणसं त्यात होती. राम नगरकर आणि दादा कोंडके हेही याच वातावरणातून आले. दिवसा शिबिर, संध्याकाळी मैदानात किंवा देवळासमोर कार्यक्रम. समोर बसलेल्यांनी तिकीट काढलेलं नसायचं. कंटाळा आला तर ते सरळ उठून घरी जाणार. अशा प्रेक्षकाला धरून ठेवायला जो शिकला, त्याला पुढे कॅमेऱ्यासमोर ओरडावं लागत नाही.

या फिरतीतून त्यांना आणखी एक गोष्ट मिळाली, आणि माझ्या मते तीच सगळ्यात मोलाची होती. गावातली सत्ता त्यांनी खालच्या बाजूनं पाहिली. ओसरीवर बसलेला माणूस कसा बोलतो, हे अंगणात उभ्या राहिलेल्या माणसाला नीट दिसतं. कार्यकर्ता म्हणून ते अंगणात उभे होते. त्यांचा प्रत्येक पाटील मला या अंगणातून पाहिलेला वाटतो.

वगनाट्याचा त्यांच्या चित्रपटातल्या कामाशी काय संबंध?

फार जवळचा. तमाशात गण, गवळण, बतावणी झाली की वग लागतो. वगाची गोष्ट ठरलेली असली तरी संवाद दर प्रयोगात थोडे बदलतात. कालच्या पेपरातली बातमी आज रात्री बोलण्यात येते. समोरचा नट अचानक वेगळंच काहीतरी बोलला तर त्याला तिथल्या तिथे उत्तर द्यावं लागतं. म्हणजे आधी ऐकावं लागतं.

'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यानं निळूभाऊंचं नाव महाराष्ट्रभर केलं. त्या मुशीत तयार झालेल्या नटाला ऐकायची सवय लागते. त्यांचे चित्रपट पाहताना एक प्रयोग करून पाहा. समोरचं पात्र बोलत असेल तेव्हा निळूभाऊंकडे बघत राहा. त्यांच्या चेहऱ्यावर उत्तर तयार होताना दिसतं. बऱ्याचदा ते उत्तर ओठांवर येतच नाही, नुसतं डोळ्यांत फिरून परत जातं. कार्यशाळेत मी हेच दाखवतो. पाठ केलेलं वाक्य म्हणायची वाट बघणारा नट आणि ऐकणारा नट यांतला फरक समजायला दुसरं काही लागत नाही.

पहिला चित्रपट कोणता?

'एक गाव बारा भानगडी', १९६८. दिग्दर्शक अनंत माने, लेखन शंकर पाटील. त्यातला झेलेअण्णा लोकांच्या लक्षात राहिला. तोवर त्यांनी वयाची पस्तिशी ओलांडली होती. नायक व्हायला उशीर झालेला होता, पण चरित्र अभिनेत्याला हेच वय मानवतं. चेहऱ्यावर थोडं ऊन-पाणी पडलेलं असावं लागतं.

पुढे दादा कोंडके यांचा 'सोंगाड्या' (१९७१) आणि व्ही. शांताराम यांचा 'पिंजरा' (१९७२) आले, आणि काम वाढतच गेलं.

'सखाराम बाइंडर'मधला सखाराम त्यांनीच केला होता ना?

हो. विजय तेंडुलकरांचं हे नाटक १९७२ मध्ये कमलाकर सारंग यांनी रंगभूमीवर आणलं. सखाराम निळू फुले, चंपा लालन सारंग. नवऱ्यानं टाकलेल्या बायकांना घरी आणून स्वतःच्या अटींवर ठेवणारा, शिवराळ, मृदंग वाजवणारा, चिलीम ओढणारा बुकबाइंडर. मध्यमवर्गीय प्रेक्षकाला हा माणूस सोसणं अवघड गेलं. रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळानं, म्हणजे नाटकांच्या सेन्सॉरनं, हरकती घेतल्या, प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेलं आणि निकाल नाटकाच्या बाजूनं लागला.

अभिनयाच्या अंगानं बघितलं तर या भूमिकेत दोन खड्डे आहेत. सखारामला नुसता राक्षस केला तर नाटक पहिल्या अंकातच संपतं. त्याला आतून मऊ दाखवायला गेलं तर तेंडुलकरांनी लिहिलेलंच पुसलं जातं. स्वतःच्या निर्दयपणाला स्पष्टवक्तेपणा समजणारा माणूस उभा करायचा असतो. वगातून आलेल्या नटाकडे ती भाषा तोंडात सहज बसवायची ताकद होती. शिव्या देताना त्याला आपण शिव्या देतोय असं वाटत नव्हतं. नवे नट सखाराम करताना नेमके इथेच अडखळतात.

'सामना'ला इतकं महत्त्व का?

जब्बार पटेल यांचा दिग्दर्शक म्हणून हा पहिला चित्रपट, पटकथा तेंडुलकरांची. १९७५ च्या बर्लिन महोत्सवात तो स्पर्धेत होता. साखर कारखाना आणि त्याबरोबर सगळं गाव मुठीत ठेवणारा हिंदुराव धोंडे पाटील म्हणजे निळू फुले. गावात कुठून तरी येऊन पडलेला, दारूत बुडालेला, एके काळी स्वातंत्र्यासाठी लढलेला मास्तर म्हणजे डॉ. श्रीराम लागू.

हिंदुराव मास्तरला घरी आणतो. खाऊपिऊ घालतो, काम देतो, आदरानं वागवतो. मग मास्तरच्या कानावर एक नाव पडतं, आणि तो विचारायला लागतो, मारुती कांबळेचं काय झालं? चित्रपट न पाहिलेल्यांनाही हा प्रश्न ठाऊक असतो. महाराष्ट्रात तो म्हणीसारखा वापरला जातो.

मला या चित्रपटात सगळ्यात जास्त अस्वस्थ करतो तो हिंदुरावाचा पाहुणचार. तो मास्तरला दम देत बसत नाही. त्याला मास्तर खरोखर आवडतो. आपण उभं केलेलं साम्राज्य एखाद्या शहाण्या माणसानं बघावं आणि बरं म्हणावं, अशी त्याची भूक आहे. निळूभाऊंनी ही भूक इतकी खरी केली आहे की मास्तर प्रश्न विचारू लागतो तेव्हा हिंदुरावाच्या चेहऱ्यावर रागाआधी दुखावलेपण येतं. ज्याला घरात घेतलं तोच उलटला, हे त्याला लागतं. मारुती कांबळेचा खून पचवलेला माणूस मित्राच्या प्रश्नानं दुखावला जातो, आणि बघणारा क्षणभर त्याच्या बाजूनं झुकतो. झुकल्यावर स्वतःचीच भीती वाटते.

लागू आणि फुले एकाच चौकटीत असणं हा वेगळाच आनंद आहे. लागू डॉक्टर, कान-नाक-घशाचे शल्यविशारद, आधुनिक नाटकात घडलेले. प्रत्येक वाक्याचा विचार करून ते बोलतात, आणि तो विचार ऐकू येतो. निळूभाऊंचं बोलणं आत्ताच सुचल्यासारखं येतं. दोघांनी एकमेकांच्या पद्धतीची नक्कल केली नाही, म्हणून मास्तर आणि हिंदुराव दोन वेगळ्या जगांतून आलेले वाटतात.

त्यांचा पाटील आधीच्या चित्रपटांतल्या पाटलांपेक्षा वेगळा का वाटतो?

कारण मधल्या काळात महाराष्ट्रातला पाटीलच बदलला होता.

जुन्या चित्रपटांतला गावचा दुष्ट माणूस सावकार किंवा जमीनदार असे. त्याची सत्ता वतनातून आणि वहीतून आलेली. १९५० च्या सुमारास प्रवरानगरला सहकारी साखर कारखाना उभा राहिला आणि त्या वाटेनं राज्यात अनेक कारखाने झाले. १९६० साली महाराष्ट्र राज्य झालं, १९६२ पासून जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्या कामाला लागल्या. गावात चेअरमन, सभापती, अध्यक्ष अशी नवी खुर्ची आली. त्या खुर्चीवरचा माणूस मतांवर निवडून येत होता, शाळा काढत होता, रस्ते करत होता. गावाचं भलंही तोच करत होता आणि गावाची मानगूटही त्याच्याच हातात होती.

असा माणूस रंगवायला मिशीला पीळ देऊन भागत नाही. त्याला लोकांत मिसळावं लागतं, लग्नाला जावं लागतं, गड्याच्या पोराची चौकशी करावी लागते. निळूभाऊंचा आवाज म्हणूनच खाली असतो. ज्याचं सगळे ऐकतात त्याला मोठ्यानं बोलायची गरज काय? वाक्य तोडत, मध्ये थांबत, समोरच्याकडे तिरकं बघत ते बोलतात. हे थांबणं लकब म्हणून उचललं गेलं, पण त्यामागे समज आहे. त्यांचा पाटील थांबतो, कारण तो थांबला तरी मधे बोलायची कुणाची छाती नसते.

सगळेच चित्रपट 'सामना'च्या तोलाचे नव्हते. पुष्कळ ठिकाणी लेखकानं नुसतं 'पाटील' एवढंच लिहिलेलं दिसतं. तिथेही ते पाट्या टाकताना दिसत नाहीत. हलक्या पटकथेतही एखादा प्रसंग असा येतो की त्या माणसाला घर आहे, झोप आहे, अब्रूची काळजी आहे, हे कळतं.

'बाई, वाड्यावर या' हे वाक्य कुठल्या चित्रपटातलं?

मी पाहिलेल्या त्यांच्या कुठल्याही चित्रपटात ते मला या शब्दांत ऐकू आलेलं नाही. नकलाकारांनी ते घराघरांत पोचवलं. घोगरा आवाज, लांबवलेला 'बाई', आणि टाळी. ऑर्केस्ट्रा, स्नेहसंमेलनं, टीव्हीवरचे विनोदी कार्यक्रम, आणि आता मोबाइलवर फिरणारी चित्रं.

मला ही नक्कल आवडत नाही, आणि कार्यशाळेत मी ती थांबवतो. त्यांच्या भूमिकांमध्ये बाईवर होणारा अत्याचार हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. तो बघताना थिएटरातल्या बायका बोटं मोडायच्या. माझी आजी टीव्हीवर ते दिसले की पदर सावरून बसायची आणि 'आला मुडदा' म्हणायची. ती हसत नव्हती. तिनं तसली माणसं गावात पाहिली होती. नकलेनं ती भीती काढून घेतली आणि नुसता आवाज शिल्लक ठेवला. वर, ज्या माणसानं आयुष्यभर स्त्रियांच्या बाजूनं उभ्या राहणाऱ्या चळवळींना साथ दिली, त्याचं नाव या एका वाक्याला चिकटलं.

'सिंहासन'मध्ये ते वेगळे दिसतात. काय बदललं?

सगळंच. १९७९ चा हा चित्रपट अरुण साधू यांच्या 'सिंहासन' आणि 'मुंबई दिनांक' या कादंबऱ्यांवर आधारलेला आहे. दिग्दर्शन पुन्हा जब्बार पटेल, पटकथा तेंडुलकर. अरुण सरनाईक मुख्यमंत्री, डॉ. लागू अर्थमंत्री विश्वासराव दाभाडे, आणि निळूभाऊ पत्रकार दिगू टिपणीस.

दिगू काही घडवत नाही. तो बघतो. मंत्रालयात, बंगल्यांवर, रस्त्यावर फिरतो, सगळ्यांचं ऐकतो. इतकी वर्षं सत्ता रंगवलेल्या नटाला दिग्दर्शकानं सत्तेचा साक्षीदार केलं, हा निवडीतला मोठा शहाणपणा. नटाच्या दृष्टीनं ही भूमिका कठीण, कारण हातात कृती नाही. फक्त साचत जाणं आहे. खांदे हळूहळू उतरत जातात, नजर थकत जाते आणि शेवटी दिगूचं जे हसू फुटतं ते ऐकवत नाही. हिंदुराव आणि दिगू चार-पाच वर्षांच्या अंतरानं एकाच माणसानं केले, हे दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहिल्याशिवाय पटत नाही.

हिंदीत त्यांनी काय केलं?

'कुली' (१९८३), 'मशाल' (१९८४) वगैरे. यातलं पाहावंच असं काम म्हणजे महेश भट्ट यांचा 'सारांश' (१९८४). त्यातला गजानन चित्रे हा पुढारी त्यांनी केला आहे. मुंबईतल्या म्हाताऱ्या जोडप्याच्या घरापर्यंत पोचलेली गुंडगिरी त्याच्या रूपानं येते. मराठी ओसरीवरचा दरारा त्यांनी शहरी फ्लॅटच्या दारात आणून उभा केला. हिंदीत मात्र त्यांचं मन फारसं रमल्यासारखं वाटत नाही. त्यांची कला बोलीत होती.

टीव्हीशी त्यांचा संबंध किती?

आमच्या पिढीला निळू फुले भेटले ते टीव्हीवरच. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, आणि पुढे घरोघरी संच आल्यावर तंबूतले आणि टॉकीजमधले मराठी चित्रपट बैठकीच्या खोलीत आले. ज्याच्या घरी टीव्ही त्याच्या घरी अर्धी आळी. जुन्या चित्रपटांच्या त्या फेऱ्यांनी त्यांना असे प्रेक्षक दिले ज्यांचा जन्म 'सामना'नंतरचा होता.

मालिकांच्या जगात त्यांची मुलगी गार्गी फुले यांनी काम केलं. २०१८ मध्ये सुरू झालेल्या 'तुला पाहते रे' मालिकेतली नायिकेची आई त्यांनी केली.

ते विनोदी भूमिका करत का?

करत, आणि मूळचं ते त्यांचं घरच. लोकनाट्यात हशा मिळवल्याशिवाय टिकता येत नाही. सचिन पिळगांवकरांचा 'माझा पती करोडपती' (१९८८) पाहा.

सामाजिक कामात ते खरंच होते की नावापुरते?

खरंच होते. सेवा दलापासूनची ती सवय होती. माळ्याच्या तुटपुंज्या पगारातूनही ते सेवा दलाला पैसे देत. पुढे डॉ. लागू, डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्याबरोबर सामाजिक कृतज्ञता निधीच्या उभारणीत ते राहिले. पूर्णवेळ काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना दर महिन्याला थोडं मानधन मिळावं, हा त्यामागचा विचार. त्यासाठी नामवंत कलाकारांनी 'लग्नाची बेडी' नाटकाचे प्रयोग गावोगाव केले. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीलाही त्यांनी वेळ दिला.

'पडद्यावर दुष्ट, प्रत्यक्षात देवमाणूस' असं म्हणून लोक हे दोन कप्प्यांत टाकतात. मला ते एकच काम दिसतं. चळवळीत ज्या माणसांशी भांडायचं, त्यांनाच ते पडद्यावर उघडं पाडत होते.

पुरस्कार?

राज्य शासनाच्या पुरस्कारांबरोबर १९९१ चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार.

शेवटचा चित्रपट कोणता?

शेतकऱ्यांच्या आत्महत्यांवरचा 'गोष्ट छोटी डोंगराएवढी' हा २००९ चा चित्रपट त्यांच्या अखेरच्या कामांपैकी. मकरंद अनासपुरे त्यात होते. त्याच वर्षी अन्ननलिकेच्या कर्करोगानं निळूभाऊ गेले.

मी नवीन आहे. कुठून सुरुवात करू?

आधी 'एक गाव बारा भानगडी', म्हणजे वगनाट्यातून आलेला ताजा नट दिसेल. मग 'सामना', एकट्यानं आणि फोन बाजूला ठेवून. दुसऱ्या दिवशी 'सिंहासन'. त्यानंतर 'सारांश'मध्ये फक्त त्यांचे प्रसंग पुन्हा लावून बघा.

नट असाल तर 'सामना' दुसऱ्यांदा बघताना आवाज बंद करा. मास्तर बोलत असताना हिंदुराव काय करतो ते वहीत लिहून काढा. नजर कुठे जाते, मान कधी हलते, हात कधी थांबतो. माझ्याकडच्या मुलांची पहिल्याच प्रसंगात दोन पानं भरतात.